आठ सेकंदांनंतरचा बैल

टर्की फोर्ड, ओक्लाहोमा
१७ सप्टेंबर

प्रिय ओपलताई,

फेब्रुवारीपासून तुला एक ओळही लिहिली नाही, त्याबद्दल क्षमा कर. वाकून नमस्कार लिहिणार होतो, पण डाव्या बाजूच्या फासळ्या मोडल्या आहेत आणि पत्रात खोटं लिहवत नाही, म्हणून हा बसूनच. तुझे गुडघे काय म्हणतात? माझी तब्येत वरीलप्रमाणे.

नेल्डाला, म्हणजे लग्नाच्या बायकोला, मी तुझ्यासमोरच शब्द दिला होता: गावच्या रोडिओत एकदा पुरे आठ सेकंद बैलावर टिकलो की दोर खुंटीला. (त्याला तीन वर्षं झाली. दरवेळी आठ सेकंदांच्या भोंग्याआधी मातीत गेलो, आणि पडून निवृत्त होणं बरं दिसत नाही म्हणून चालू राहिलो. ही पळवाट की तत्त्व, ते माझं मलाच अजून ठरवता आलेलं नाही.)

शनिवारी निघताना पाहतो तर माझी टोपी पलंगावर, म्हणजे ठार अपशकुन. आपल्या वडिलांनी एवढ्यावरून एका लग्नाला जायचं रद्द केलं होतं, आणि लग्न त्यांच्या सख्ख्या भावाचं होतं. सकाळी एल्बर्टदाजी गुरांच्या बाजाराला जाता जाता कॉफीला आले होते. खुर्ची रिकामी करताना त्यांनीच ती तिथे ठेवली असणार. (मनात त्यांना जे म्हटलं त्याची माफी मनातच मागितली आहे.) एरवी मी त्या दिवशी बैलाच्या वाऱ्यालाही उभा राहिलो नसतो. पण कॉलेजात जीवशास्त्र शिकलेल्या माणसाने त्रेचाळिसाव्या वर्षी टोपीला भ्यावं? डोक्यावर घातली आणि गेलो.

चिठ्ठीत डीकन नावाचा बैल निघाला. फाटक उघडल्यावर तो चार पावलं चालला, शेपटी हलवली आणि देवळात प्रदक्षिणा घालावी तसा शांतपणे गोल फिरू लागला. मैदानातला विदूषक माइकवरून म्हणाला, "काका, उतरताना आवाज करू नका, आत्ताच डोळा लागलाय त्याचा." भोंगा वाजला. आठ सेकंद पुरे. पण निम्मे गुण असतात बैलाच्या उड्यांचे, आणि डीकनने उडी म्हणून मारली नव्हती. बैल असा मंद निघाला तर दुसरा मागायची मुभा असते. पंच ऑरव्हिल जवळ आला. "दुसरा देऊ, वेल्डन, की घरी जातोस शहाण्यासारखा?"

मी वर पाहिलं. नेल्डा पर्स काखेत मारून उभी होती आणि हसत होती. इतकी मोकळी हसताना तिला कित्येक दिवसांत पाहिलं नव्हतं. ते पाहत असतानाच माझ्या तोंडून "दे" गेलं.

दुसऱ्या बैलाचं नाव विचारायचं राहून गेलं. फाटक पुरतं उघडलंही नव्हतं, मी मात्र मातीत पोचलो होतो.

पडल्या पडल्या मी या प्रकाराचा न्यायबुद्धीने विचार केला. आठ सेकंद झाले तेव्हाच माझी निवृत्ती झाली. दुसऱ्या बैलावर बसला तो एक निवृत्त गृहस्थ, निव्वळ हौसेखातर. नेल्डाला हे समजावलं. ती म्हणाली, "मग हौसेनेच उठ आणि आपलं पाणी आपण घे." त्यानंतर घरात बोलणं नाही. जेवणात रोज राजमा आणि मक्याचा पाव. तेही ताट आपटून.

दाजींना नमस्कार.

तुझा धाकटा,
वेल्डन

ता. क. दाजी निर्दोष आहेत. टोपी नेल्डानेच ठेवली होती. आज पाठ शेकताना तिने आपण होऊन सांगितलं. "म्हटलं, घाबरून घरी राहशील. जन्मभर टोपीला घाबरलास, आणि नेमका त्याच दिवशी सुशिक्षित झालास."

ता. क. २. पत्र लिहिण्याचं खरं कारण. पुढच्या महिन्यातल्या ड्राय फोर्कच्या रोडिओत माझं नाव आहे. ते फासळ्या मोडल्यानंतर दिलं, नेल्डा दुकानात गेलेली असताना, पडल्या पडल्या फोनवरून. तू फोन करून ते काढून टाक. मी केला तर बैल कोणते येणार आहेत ते विचारत बसेन.

उद्याचं काम: उठल्याबरोबर टोपी स्वतःच्या हाताने पलंगावर ठेवणे.