वेशीच्या कमानीवरची वेल

५ एप्रिल
उद्याच्या भाषणाचा कच्चा मजकूर: "वेशीच्या आतल्या माझ्या मायबहिणींनो! जिल्हा नवा झाला, नळ जुनाच, कोरडा. लातूरला कलेक्टरची खुर्ची आली, आपल्या हौदात पाणी आलं नाही. टँकर आत आलाच पाहिजे!"
बायकोला, सुमनला, वाचून दाखवलं. "घसा सुकला असल. अर्धाच तांब्या हाय, घ्या," म्हणाली.

६ एप्रिल
सभा झाली. टाळ्या भरपूर. दुपारी टँकर खरंच आला, पण कमानीखालून जाईना. टाकीचा माथा लागतो. पाइप जेमतेम वेशीपर्यंत. हौद पार आत, चावडीपाशी. बाया वेशीपासून घागरी वाहतात. त्यात सुमन पण.
सरपंच म्हणाले, "गुरुजी, टँकर आत आलाच पाहिजे, हे तुमचंच ना? मग पाडू कमान."
माझंच वाक्य माझ्या गळ्यात.

७ एप्रिल
शाळेतून येताना कमानीखाली थांबलो. दगडातला एक देठ खालून निघतो, वळतो, पान सोडतो, उलटा वळतो, कळी सोडतो. कुठं तुटत नाही. अजिंठ्याच्या छतावर पाहिली ती हिचीच बहीण, बीदरच्या फरशांवर हिचीच. पुस्तकांत ग्रीकांच्या रांजणांवर, चिनी रेशमावर. कोण कुणाकडून शिकलं, पंडित भांडोत. एवढी चालली, वाटेत कुणाला जात विचारली नाही.
माझ्या आज्याला या कमानीखालून वहाणा हातात घेऊन जावं लागे, मान खाली घालून. त्यानं ही वेल वर बघून कधी पाहिलीच नसणार. म्हणून तर मला ती हवी. आता ती आमचीही.
सु.ला हे सगळं सांगितलं. "तुमच्या दगडी वेलीला माझ्या कमरेचं पाणी लागून राहिलंय," म्हणाली.
 

९ एप्रिल
नवं खूळ. तरुण मंडळी म्हणतात, कमानीवर निजामाचं नाव आहे, पाडायलाच पाहिजे. वळणदार काही दिसलं की आमच्याकडे ते उर्दूच! शेवटी गणपतराव पेशकारांना आणलं. निजामाच्या अमदानीत उर्दूतून शिकलेले, आता कचेरीतून रिटायर. बैलगाडीवर चढवलं. त्यांनी चष्मा पुसला, बराच वेळ पाहिलं. ओठ हलत होते.
"काय लिहिलंय, मामा?"
"अरे, उर्दूचं पहिलं अक्षर आलिफ, ते तरी सरळ असतं. हितं सरळ रेघच न्हाई. वेल हाय ही, गाढवांनो!"
"मग मघापासून वाचून काय राहिले होते?"
"कळ्या मोजून राहिलो होतो."
सगळी वेस हसली. सरपंच हसले नाहीत. "नाव नसंना का. टँकर जातो का खालून?"
बरोबरच बोलले. मंगळवारी मजूर येणार.

१० एप्रिल
कमान वाचवायचं भाषण लिहायला बसलो. दोनदा फाडलं. समोरच्या ओट्यावर सु. घागर ठेवून कंबर धरून उभी. असल्या वेळी ग्रीक काय कामाचे.

११ एप्रिल
सकाळी भाकरी थापताना सु. आपणहून म्हणाली, "समाजमंदिराचा स्लॅब टाकला, तवा पाट्या कुणी डोक्यावर नेल्या का? हातोहात गेल्या. तसं पाणी जायचं न्हाई व्हय?"
वेशीपासून हौदापर्यंत माणसांची ओळ! गल्लीसारखीच वळणं घेत. पीठभरला हात धरला तिचा.
"सोडा, भाकर करपली."
लगेच सोडला नाही.
सरपंचांकडे गेलो. ऐकून घेतलं. म्हणाले, "उद्या एका टँकरात हौद भरून दाखवा. मजूर तोवर बसतील. पण गुरुजी... एका ओळीत उभी राहतील का माणसं?"
  घागर आमच्या हातातून वरच्या आळीच्या हातात जायची आहे.
संध्याकाळी चावडीवर बोलायचंय. मजकूर सु.ला वाचून दाखवला. "आन् तुमी?" म्हणाली. मी पहिला, टँकरपाशी. "मग मी दुसरी. सांडलं तर बघा."
एवढंच बोलणार:
"वेशीच्या आतल्या माझ्या मायबहिणींनो, भावांनो! उद्या टँकरचा हॉर्न वाजला की घरटी एक माणूस रिकाम्या हातानं ओळीत उभा राहू द्या. शेजारी कोण आहे ते बघू नका. आलेली घागर घ्या, पुढं द्या."