कोयत्याचा पंच

लातूर, ८ जानेवारी २०२५

चि. अमृत यास अक्काचे अनेक आशीर्वाद.

फोनवर तुला ऐकू येत नाही आणि मला ओरडता येत नाही, म्हणून पत्र. अमरेशचे अपील पुढच्या महिन्यात हायकोर्टात निघते आहे. म्हणून नांदेडच्या कोर्टाचा निकाल काल पहिल्यांदाच सबंध वाचला, पेन्सिल घेऊन. जावयाची सगळी जन्मठेप एका कोयत्यावर उभी आहे. त्याने तो अर्धापूरच्या केळीच्या बागेतून पोलिसांना काढून दिला, त्यावर माझ्या लेकीचे, स्वप्नालीचे रक्त होते, आणि हे डोळ्यांनी पाहणारा पंच म्हणून सही तुझी. मंगळवार, सकाळी साडेदहा.

त्या मंगळवारी साडेदहाला तू औशाला होतास. आपल्या लिंगायत रीतीने तिला समाधीच्या खड्ड्यात बसवायला मामा म्हणून तूच उतरलास. उलटतपासात विचारले तेव्हा मी तसेच सांगितले. मग बागेत कोण होते? गोलगोल लिहू नकोस.

स्वप्नालीची ऋतुजा सहावीत आहे, आईसारखीच हट्टी. केळी पाठवलीस तर पिकणारी पाठव, गेल्या वेळचा घड दगड होता. माया आहे ती धरून उत्तर दे.

तुझी अक्का, मल्लम्मा

अर्धापूर, १६ जानेवारी

ती. अक्कास सा. न. वि. वि.

लिहायला लई दिवस लागले. मी बागेत नव्हतो. औशाहून संध्याकाळी परतलो तर पोलीस जमादार ओट्यावर बसलेला, कागद लिहून तयार. म्हणाला, मामा, भाचीचं काम आहे, बाहेरचा पंच फुटतो, घरचा फुटत न्हाई. मी म्हणालो, कोयता तरी दाखवा. त्यानं लाखेचं सील मारलेलं पुडकं दाखवलं. म्हणाला, आता फोडता येत न्हाई. माझ्या नखात तिच्या समाधीची माती होती, अक्का. सही केली. पुढं कोर्टात शपथेवरही तेच बोललो. वाटलं, पोरीचं काम करून राहिलो.

कोयता कुठून आला, मला माहीत न्हाई.

तुमची भावजय उज्वला म्हणते, अक्का आता तुमचं पत्रही घेणार न्हाईत. रागवा, पण तोडू नका.

आपला अमृत

लातूर, २७ फेब्रुवारी

चि. अमृत, आशीर्वाद.

अमरेश सुटला. निकालात तुझी सही आणि माझी साक्ष एकाखाली एक छापल्या आहेत. पुडक्यातले रक्त तिचे असेलही, पण ते तिथे कसे आले हे कोणी सांगू शकत नाही. वकील म्हणाले, बाई, तो निर्दोष आहे असे कोर्ट म्हणत नाही, पोलिसांनी सिद्ध केले नाही एवढेच म्हणते. मग खरे काय, असे मी विचारले. ते म्हणाले, ते आता कुणालाच कळायचे नाही. पुढे सुप्रीम कोर्टात जाऊ म्हटले, तर म्हणाले, न्यायला काही शिल्लक ठेवलेले नाही.

तुला बोलायला बसले होते. पण शिक्षा झाली त्या दिवशी मीही काही न वाचता समाधान मानले होते. प्रकृतीला जप.

अक्का

अर्धापूर, १० मार्च

ती. अक्कास सा. न.

अमरेश घरी आला. उज्वलानं दार लावलं, मी उघडलं. तो बसला न्हाई. म्हणाला, मामा, तुम्ही बागेत नव्हता हे मला पहिल्यापासून माहीत होतं, कारण मलाही तिथं कुणी नेलं न्हाई. मी विचारलं, मग पोरीला मारलं कुणी? म्हणाला, हे तुम्ही तेव्हा विचारायचं होतं. खरं बोलला का खोटं, मला त्याच्या तोंडावरून कळलं न्हाई.

रविवारी तो ऋतुजाला न्यायला येऊन राहिला. मी येऊ का? पाय धरू द्याल एवढी आशा ठेवतो.

अमृत

लातूर, १७ मार्च

चि. अमृत,

तुझे पत्र शनिवारी मिळाले. वकिलांना विचारले, तर म्हणाले, बाप सुटला म्हणजे पोर बापाची.

सात वर्षे मी ऋतुजाला सांगत आले की तुझ्या आईला तुझ्या वडिलांनी मारले. शनिवारी तिने विचारले, आजी, त्यांनीच मारले ना? मला हो म्हणता आले नाही. नाहीही म्हणता आले नाही. मी तिला म्हणाले, दप्तर भर.

काल तो आला. दारातच उभा राहिला, पाणीसुद्धा मागितले नाही. रिक्षात बसल्यावर तिने माझ्याकडे पाहिले नाही. ती त्याच्या हातांकडे पाहत होती.

आता ती त्याच्या घरी, तुझ्याच गावात आहे. रोज एकदा जाऊन तिला बघ, आणि मला कळव. जेवढे स्वतः पाहशील तेवढेच.

अक्का