गुरुवारची झोप

१४ नोव्हेंबर, दुपार

प्रिय छकू,

आशीर्वाद आहेतच. पिल्लूचा खोकला थांबला का? माझी कंबर ठीक आहे. जिन्यातला दिवा पुन्हा गेलाय आणि घरमालकाला सांगून सांगून माझी जीभ झिजली. यांची तब्येत तशीच.

दोन बसथांब्यांवर राहणारी बहीण पत्र कशाला लिहितेय, असं तुला वाटेल. तोंडावर बोलायला आले तर चहाच्या पहिल्या घोटालाच आपलं भांडण होईल, नाहीतर रडारड. मला दोन्हीचा कंटाळा आलाय. शिवाय तुझ्या घरात बसून मला खरं बोलता येत नाही. ते घर पाहिलं की माझं डोकं ठिकाणावर राहत नाही.

आता तोंड उघडलंच आहे तर सांगते. लंबू गेल्यावर तुला शहीद कुटुंबांच्या वसाहतीत घर मिळालं, तेव्हा सामान लावायला मी आले होते. स्वयंपाकघराच्या खिडकीतून ऊन थेट ओट्यावर पडलं होतं. तू भिंतीला टेकून बसली होतीस. तुझे डोळे सुजलेले. आणि मी डबे लावता लावता मनात म्हणत होते, एवढा लांबरुंद ओटा माझ्या नशिबी कधी?

मग पिल्लूची शाळा. मग सैनिक कल्याण कार्यालयातली तुझी नोकरी. स्मृतिदिनाला पहिल्या रांगेतली खुर्ची. तू स्टेजवर गेलीस की तुझी पर्स मी धरायची. मार्चमध्ये आपण लष्करी हॉस्पिटलात एकाच सकाळी गेलो, आठवतं? तुझी खिडकी वेगळी, वर पाटी, 'वीरपत्नींसाठी'. तू औषधं घेऊन निघालीससुद्धा. आम्ही बाकावरच. हे गुडघ्यांवर हात दाबून बसले होते, थरथर दिसू नये म्हणून. एक बाई यांना म्हणाल्या, "चांगले धडधाकट दिसताय, जरा जागा द्या की!" हे उठून भिंतीशी उभे राहिले.

धडधाकट! चौकी एक, तुकडी एक. हे चौकीचे प्रमुख आणि लंबू यांच्या हाताखाली; यांनी पहाऱ्याला पाठवलेला असतानाच तो गेला. तुझा नवरा तुझ्या भिंतीवरच्या फोटोत हसतो आणि लोक त्याला हात जोडतात. माझा नवरा जिवंत आहे, तर शेजारचे विचारतात, "घरीच असतात का हल्ली?" कधी कधी माझ्या मनात येतं की यांच्याऐवजी... जाऊ दे. ते वाक्य मी लिहिणार नाही. तू ओळखशील.

दोन वर्षांपूर्वी यांना मुदतीआधी घरी पाठवलं. झोप नाही, हात कापतात, भांडं पडलं तरी अंगावर काटा. लष्कराच्या डॉक्टरांनी कारण विचारलं, तर हे म्हणाले, "घरची कटकट." त्यांनी तसंच लिहून घेतलं. आजाराचा सेवेशी संबंध नाही, म्हणून अपंगत्वाची पेन्शन नाही. हे मी तुला कधी सांगितलं नाही, कारण लाज वाटली. सरकारनं तुला वीरपत्नी केलं, छकू, आणि मला कटकट.

मी यांना विचारलं होतं, "माझ्यावर का ढकललंत?" तर म्हणाले, "काहीतरी सांगायचं होतं, सांगितलं." पुढे कितीतरी दिवस मी ताट वाढायचे आणि निघून जायचे.

आता तुझ्या गुरुवारांबद्दल. तुझी अर्धी सुट्टी असते आणि हे तुझ्याकडे येतात. कधी नळ गळतो, कधी दाराची कडी सैल होते. तुझ्या घरात दर गुरुवारी काहीतरी बिघडतंच, हे मला कळायला फार वेळ लागला. मागच्या महिन्यात हे गोळ्या विसरले म्हणून मी मागोमाग आले होते. तुला ठाऊक नाही. मी खिडकीशी थांबले. हे तुझ्या दिवाणावर झोपले होते. कुशीवर, हात उघडे टाकून, लहान मूल झोपतं तसे. तू खुर्चीत बसून पिल्लूच्या गणवेशाला बटण लावत होतीस. एकमेकांकडे बघणं नाही, बोलणं नाही.

तुमचे हात हातात दिसले असते तर मी दार ठोठावलं असतं, दोन शब्द सुनावले असते, मोकळी झाले असते. पण झोप? माझ्या घरात हा माणूस अंधार पडला की पहारा दिल्यासारखा येरझाऱ्या घालतो. मी गाद्या बदलल्या, डोक्याला तेल चोळलं, रेडिओ लावून पाहिला. आणि तुझ्याकडे हे नुसते आडवे होतात आणि झोपतात! मी गोळ्या तशाच पर्समध्ये ठेवून परत आले आणि कुकर घासत बसले. नवाकोरा दिसायला लागला तरी घासत होते.

त्यानंतर फोनवर तू म्हणालीस, "ताई, अशी तोडून का बोलतेस?" मी म्हटलं, डोकं दुखतंय.

पेन्शनच्या अपिलासाठी मेडिकल बोर्डाची तारीख आली, ती कालची. गेल्या शनिवारी हे मिक्सर उघडून बसले होते. मी समोर जाऊन म्हटलं, "मी आत येणार. आणि या वेळी पुन्हा कटकट म्हणालात, तर मीही सांगेन, कटकट नसलेली झोप तुम्हाला कुठे लागते ते."

यांनी स्क्रूड्रायव्हर खाली ठेवला. मग म्हणाले, "लंबूला मी पाठवलंच नव्हतं."

"म्हणजे?"

"चौकीवर फोन लागायचा नाही. खाली ओढ्याच्या वळणावर एक खडक होता, तिथं लागायचा. पिल्लूचा पहिला दात पडला होता त्या दिवशी. तो न विचारता गेला. ड्युटी सोडून. तोफेचा गोळा आला तेव्हा तो बोलत होता."

"कुणाशी?" मी विचारलं. बघ माझी अक्कल.

"छकूशी."

यांनी त्याला एकट्यानं वर आणलं आणि वायरलेसवर कुणी विचारायच्या आत सांगून टाकलं की ओढ्याकडे पहाऱ्याला मीच पाठवलं होतं. "नाहीतर ड्युटी सोडून गेलेला अशी नोंद झाली असती. मग तिला ना घर, ना नोकरी, ना पोरीची शाळा."

"मग डॉक्टरांनाही तेच सांगायचंत! मी पाठवलं आणि तो गेला, म्हणून झोप लागत नाही."

"तो दिवस बोलायला काढला की मला मध्येच थांबता येणार नाही. सगळंच बाहेर पडेल. म्हणून तुझं नाव घेतलं. वाटलं, तू सोसशील."

तुझ्याकडेच झोप का लागते, हे मला विचारावं लागलं नाही. यांनीच सांगितलं. "तिला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. तिच्या कानाशीच फोन बंद पडला. तिथं मला काही सांभाळून ठेवावं लागत नाही."

हे ऐकून मला तुझी दया आली असेल असं तुला वाटेल. आली, पण दुसऱ्या दिवशी. पहिल्यांदा आला तो संताप. चार वर्षं तुम्हा दोघांत एवढं मोठं काही होतं, आणि मी मधे उभी राहून दोघांना चहा देत होते! माझ्याच बहिणीनं, माझ्याच नवऱ्यानं मला उंबऱ्याबाहेर ठेवलं होतं. त्या ओट्यावर, त्या खुर्चीवर, पाटीच्या त्या खिडकीवर मी उगाच जळत बसले. जळायची खरी जागा मला दिसलीच नव्हती.

काल बोर्डासमोर मी सगळं सांगायचं ठरवूनच गेले होते. उगाच मला चांगली समजू नकोस. टेबलापलीकडे तिघं होते. मधल्या डॉक्टरीणबाई पिकल्या केसांच्या, आवाज मऊ. यांना काय काय विचारलं, हे गप्प. मग माझ्याकडे वळल्या.

"नोकरीत असताना एखादी घटना घडली होती का? त्यामुळे हे सुरू झालं असेल तर आत्ताच सांगा. तुमच्याच फायद्याचं आहे."

वाक्य माझ्या जिभेवर होतं. मी यांच्याकडे पाहिलं. मला वाटलं, डोळ्यांनी विनवतील, मान हलवतील. त्यांनी काहीच केलं नाही. सगळं माझ्यावर सोडून टेबलाच्या कडेकडे बघत राहिले.

"घटना वगैरे काही नाही, मॅडम," मी म्हटलं. "मीच भांडकुदळ आहे. हे सुट्टीवर आले की मी यांचा पिच्छा पुरवायचे. पत्रातूनसुद्धा भांडायचे."

"अजूनही भांडता?"

"रोज!"

कडेच्या तरुण डॉक्टरनं हसू लपवायला मान खाली घातली. आणि छकू, हे हसले. एवढंसं, नाकातून. मग डोळ्यांवर हात धरून बसले. बाई माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघत होत्या. शेवटी म्हणाल्या, "उपचार चालू राहतील. पण हे सेवेमुळे झालं असं आम्हाला म्हणता येणार नाही." अपील संपलं.

उपकार मानू नकोस. मी तुझ्यासाठी केलं नाही. तुम्हा दोघांच्या खोट्यात मला जागा हवी होती. ती मिळायला दुसरा रस्ता नव्हता.

परतीच्या बसमध्ये यांचा डोळा लागेल अशी मला आशा होती. नाही लागला. इतकं सोपं नसतं. पण हे बोलत होते. लंबू किती बेसूर गायचा, त्याचे पाय पांघरुणाबाहेर कसे राहायचे. बोलता बोलता आमचा थांबा मागे गेला. मग चालत आलो.

या गुरुवारी मीही येणार आहे. हे झोपले की आपण दोघी तिथंच बसू. मला बघायचंय, शांत झोपलेला माझा नवरा जवळून कसा दिसतो ते. तेवढा हक्क मला दे.

लंबू फोनवर शेवटचं काय बोलला, ते यांनाही ठाऊक नाही म्हणे. मला विचारावंसं वाटलं होतं. विचारणार नाही. ते तुझं आहे, तुझ्यापाशीच राहू दे.

पत्र वाचून झालं की फाडून टाक. चांगले बारीक तुकडे कर. कार्यालयात काम करतेस, कागद कुठून कुठे जातो हे तुला मी सांगायला नको.

तुझ्यावर जळणारी, आणि तुझीच,
ताई