माशाला मन असतं का?

बाई,

तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी तुमच्याशी बोलायचं म्हटलं की मी अजून पदर सारखा करते. दातिवऱ्याजवळच्या आपल्या शाळेत तुम्ही मुख्याध्यापिका आणि मी नवी, अजून कायम न झालेली शिक्षिका. दुसरीच्या मुलांना मी चित्रांची पुस्तकं दाखवायचे आणि विचारायचे, सावली कुणाची असते, झोपेत आपण कुठे जातो. तुम्ही एकदा दारातून ऐकलंत. "यांना अजून जोडाक्षरं येत नाहीत, आणि तू हे काय घेऊन बसलीस? उद्या काही झालं तर निस्तरायला मला बोलावू नकोस."

आणि झालंच. जाळ्यात सापडलेल्या माशाचं चित्र होतं. मी विचारलं, माशाला मन असतं का? त्या दिवसापासून पुढे बसणारी एक मुलगी घरी मासे खाईना. तिची आई मासळीची पाटी घेऊन तडक शाळेत आली. "पोरगी मावऱ्याला हात लावत नाय. आमी दर्यावरची मानसं, तिला दुसरं काय घालू? काय शिकवलं तुमी?" मी दारात उभी आहे. तुम्ही वर्गातून बाहेर येता, आणि मला वाटतं, संपली आपली नोकरी.

पण तुम्ही आईला खुर्ची दिलीत आणि स्वतः मुलीसमोर जमिनीवर बसलात.

"का गं खात नाहीस?"

"माशाला दुखतं."

"मग आई चुकीचं करते?"

ती आईकडे बघत राहिली. तुम्ही घाई केली नाहीत, मलाही मध्ये बोलू दिलं नाहीत.

"नाय. आमाला पन भूक लागते."

"दोन्ही खरं असेल, तर कसं करायचं?"

"मी खाईन. पन घेतला तेवढा संपवीन. टाकनार नाय."

"अगं बाय, हेच तं मी रोज बोंबलते!" म्हणत आई हसायला लागली. तुम्हीही हसलात.

तिची आई गेल्यावर मी माफी मागायला तोंड उघडलं, तर तुम्ही म्हणालात, "उद्या कोणतं पुस्तक घेणार आहेस? मी मागे येऊन बसेन." पुढची सगळी नोकरी मी त्या वाक्याच्या जोरावर केली.

हे पत्र टाकायचं तरी कुठल्या पत्त्यावर? राहील इथेच. म्हणून सांगून टाकते, त्या सकाळी मला तिच्या आईची भीती वाटलीच नव्हती. तुमचीच वाटत होती.