पाषाणराजाची निरोपधून

३ फेब्रुवारी

शी! अकराव्यांदा परत आली धून. "अजून भव्य हवं." या शब्दाची मला शिसारी आलीय. साठ ढोल घातले, घंटा घातल्या, बायकांचा कोरस घातला — आता काय, छप्पर पाडू?

आणि मरतोय कोण, तर पाषाणराजा. व्हिडिओ गेममधला. वय नऊशे, डोक्यावर शिंगं, राज्य बर्फाखाली. त्याला दरीत सोडताना ही निरोपधून वाजायची. दिग्दर्शक (आम्ही माघारी त्यांना भव्यकाका म्हणतो) म्हणाले, "ऐकताना रडू आलं पाहिजे हो!" मला आलंच. कारण वेगळं.

५ फेब्रुवारी

कच्च्या रेकॉर्डिंगला मला एक तरी खरं वाद्य लागतं. म्हणून दादाकडे गेलो. वहिनीने स्वयंपाकघर मोकळं करून दिलं, पंखा बंद केला. दादाने आधी माझी कॉम्प्युटरवरची धून ऐकली. "डबड्यातलं पितळ आहे रे हे!" मग ट्रम्पेट काढलं.

तीन ओळी वाजवल्या आणि थांबला. चांगला पाच सेकंद. माझ्याकडे बघत बसला. मग पाचवी ओळ घेतली, चौथी गाळूनच! दमा. "राहू दे, पुरे एवढं," म्हणालो. त्याने ट्रम्पेट उलटं करून साठलेली लाळ फडक्यावर झटकली. मला मळमळलं. सख्ख्या भावाच्या लाळेने मळमळतं, म्हणजे कोण झालोय मी!

वडिलांच्या बँडमध्ये मीही हेच करायचो की. दादा पहिलं ट्रम्पेट, मी दुसरं. घामट कोट, लोकांच्या दारात उभं राहणं — सगळ्याचा वीट आला होता. एकोणिसाव्या वर्षी वाद्य पेटीत ठेवलं ते ठेवलंच.

९ फेब्रुवारी

गाढव आहे मी! साठ ढोलांची फाइल 'निरोप शेवटची', दादाची 'निरोप शेवटची खरी'. पाठवली कुठली? दादाची. नुसतं एक ट्रम्पेट, मध्ये खड्डा, शेवटी वहिनीचं खोकणं. आता ऐका बोलणी.

१० फेब्रुवारी

भव्यकाकांचा फोन. आवाज घोगरा. "काय करून ठेवलंत हो! मधला तो थांबा! राजाचा अडकलेला श्वास, बरोबर ना?"

"हो," म्हणालो.

"सुचलं कसं?"

"सुचलं."

थू!

१२ फेब्रुवारी

गेमची कथा लिहिणाऱ्या बाईंनी त्या खड्ड्यावर अख्खा रिवाज रचला. निरोपधुनीच्या तिसऱ्या ओळीनंतर शिंग फुंकणाऱ्याने थांबायचं, सगळ्या प्रजेने श्वास रोखायचा. ती जागा जो भरेल त्याला देहदंड! मीटिंगमध्ये टाळ्या पडल्या. दादाचा दमा म्हणजे त्यांच्या राज्याचा धर्म झाला. मीही वाजवल्या टाळ्या.

१७ फेब्रुवारी

आज पक्कं रेकॉर्डिंग. चाळीस वादक, सगळी पितळी वाद्यं. मी काचेमागे. वाद्यवृंदाच्या संचालकांनी दादाची फाइल लावून दाखवली. "हा म्हातारा बघा कसा थांबतो. दम संपल्यासारखं थांबा. पाच मोजा." मागच्या रांगेतल्या एकाने छाती धरून खोटी धाप लागल्याचं सोंग केलं. सगळे हसले.

मीही हसलो. हसलो मी!

दुपारी भव्यकाकांनी श्रेयनामावलीचा कागद पुढे केला. "मूळ वाजवणारे कोण ते? त्यांचंही नाव घालू." चांगला माणूस आहे, मीच त्याला नावं ठेवतो. दादाचं नाव सांगितलं असतं तर पुढचा प्रश्न आला असता: थांबा कोणाचा? म्हणून म्हणालो, "आहे असाच एक जुना वादक. नको, त्याला नाही आवडत."

पन्नास वर्षांत दादाचं नाव कुठे छापून आलेलं नाही. आणि म्हणे आवडत नाही!

१८ फेब्रुवारी

दोनदा आंघोळ केली. अंगावरचं काही जात नाही.

२० फेब्रुवारी

वहिनीचा फोन. "भाऊजी, हे रोज विचारतात. त्यांचं वाजवलेलं काही उपयोगी पडलं का?" मी म्हटलं, बघतो, कामात आहे. ती म्हणाली, "नसलं पडलं तरी सांगा. वाईट नाही वाटायचं त्यांना." फोन ठेवून परत कामाला बसलो.

२२ फेब्रुवारी

दादाला पक्की धून ऐकवली. सगळं सांगायचं असं ठरवूनच गेलो होतो. चाळीस जण थांबले तिथे त्याने हेडफोन काढला. "छान वाजवतात रे. पण इथे कोणीच का नाही वाजवलं?"

"तुला दम लागला होता ना तिथे..."

"मला? अरे, अजून दहा ओळी खेचीन मी! तीन माझ्या, चौथी तुझी. बाबांनी तसंच बसवलं होतं ना आपल्याला? कपाटावर तुझी पेटी आहे अजून. वाटलं, उठशील, वाजवशील."

तिथूनच भव्यकाकांना फोन केला. दादाचं नाव घालायला सांगितलं, थांबाही त्याचाच म्हणून सांगितलं.

चाळीस माणसं माझ्या ओळीसाठी थांबली होती, आणि मी काचेमागे बसून पाच मोजत होतो.