पोह्यातला किडा

११ नोव्हेंबर, मंगळवार
पहिल्यांदा घरात शिरल्या त्या पोराच्या मावशी. मागनं पोरगा, त्याची आई. उंब्रजची माणसं, आमच्या पल्लवीला बघायला. मावशींचं लुगडं काय मोरपंखी, माझं चित्त त्यातच.
पोहे मीच केलते. पण सांगायची रीत हाय, सांगितलं, "आमच्या नातीनंच केल्यात."
मावशींनी घास घेतला. दाताखाली कायतरी फुटलं. मातकट किडा, ढालीगत पाठीचा. खोलीभर घाण वास, कोथिंबीर कुजल्यागत. मी म्हटलं, औंदा कोथिंबीरच उग्र हाय.
पोराची आई म्हणाली, "पोरीनं निवडून घ्यावी."
पल्लवीनं मान खाली घातली. शेतकी शिकलेली पोर, अन् किडा तिच्या नावावर.

१२, बुधवार
चष्मा न लावता चिरली कोथिंबीर. पाहुण्यांत म्हातारी दिसू नये म्हणून. सत्तरी उलटली तरी हौस बघा.
पल्लवी रागावली न्हाई, त्याचंच जास्त लागलं. सकाळच्या गारव्यात परसात घेऊन गेली. "आज्जे, चिरडू नको, वास सुटतो. आत्ता सुस्त असत्यात. साबणाच्या पाण्यात झटक." घेवड्याच्या पानाखाली अंडी, मण्यागत चिकटलेली. ती पानं तोडून बादलीत. एकटीनं सतरा किडे बुडवले मी. लय मजा आली. मग मजा आली म्हणून लाज वाटली.

१४, शुक्रवार
खिडकीच्या फटी बुजवल्या जुन्या लुगड्याच्या चिंध्यांनी. थंडीत ऊब बघून आत शिरत्यात म्हणे.
मावशींना फोन लावला, खरं सांगायला. उसाचं विचारलं, गुडघ्याचं विचारलं, ठेवून दिला. पल्लवी दारात. "सांगितलंस?"
"व्हय."
हे तिसरं खोटं.

१५, शनिवार
मावशींचाच फोन. पोराला पोरगी पसंत हाय. आनंदानं माझा पदर चुलीवर जाता जाता वाचला. मग म्हणाल्या, "आवं आजी, पुढच्या रविवारी येतो. पोहे पल्लवीनंच करायचे बरं का, आमच्यासमोर. किडा नको तेवढा."
पल्लवीला चहा धड येत न्हाई. सगळं ऐकत हुती. म्हणाली, "मला पोहे शिकवतीस, का त्यांना खरं सांगतीस?"
आज चष्मा लावूनच लिहितीय.
पाहुणे येणार, २३, रविवार.