माझे बहात्तर टक्के

सातारा, रविवार

प्रिय प्रियदर्शनी,

काकू आता काठीशिवाय अंगणापर्यंत चालतात, हा तुझा मेसेज तीनदा वाचला. फार बरं वाटलं. पण खाली तू लिहिलं होतंस, 'या सगळ्यात तू एकटीच माझ्या पाठीशी राहिलीस.' ते खरं नाही. फोन केला असता तर रडून मोकळी झाले असते आणि सांगायचं ते राहून गेलं असतं, म्हणून लिहितेय.

प्राचार्यांच्या केबिनमधला तो दिवस अजून डोळ्यांसमोर आहे. लालासाहेबकाका, फौजेतून रिटायर झालेला माणूस, दवाखान्याचे कागद हातात घेऊन ताठ उभे होते. "आवं सर, माझ्या ह्या पोरीच्या आईचं अर्धं अंग गेलं हुतं. मिरजंला दोन म्हैनं हीच संगं हुती, घरात दुसरं बाईमाणूस न्हाई. परीक्षेला तेवढं बसू द्या." सर म्हणाले, "दुःख कळतं हो, पण नियम सगळ्यांना सारखा. सत्तर म्हणजे सत्तर. हिची हजेरी अठ्ठावन्न टक्के भरते." काका बाहेर येऊन एवढंच म्हणाले, "नियम हाय तर हाय. फौजंत बी असतुया." तू मात्र ऐकलं नाहीस. कोल्हापूरला हायकोर्टात याचिका घातलीस. कोर्टानं परीक्षेला बसू दिलं, पण तुझ्या पेपरांचा निकाल राखून ठेवायला लावला. मी सांगलीच्या आपल्या खोलीत बसून तुझ्यासाठी नोट्स काढल्या. वर्गात सगळे म्हणायचे, मैत्रीण असावी तर अश्लेषासारखी.

आता त्याच सत्रात मी कुठे होते ते आठव. ताईच्या लग्नासाठी तीन आठवडे पाचगणीला, आणि नंतर पुण्याला, न्यायाधीशाच्या परीक्षेच्या क्लासला! हजेरीची पहिली यादी लागली तेव्हा तू मिरजेत होतीस, त्यामुळे तुला कळलं नाही. तिच्यात माझे चोपन्न टक्के होते. तुझ्यापेक्षाही कमी. जयराजमामा संस्थेच्या संचालक मंडळावर आहे. आईनं त्याला एक फोन केला. दुसऱ्याच दिवशी मला ऑफिसात बोलावलं. क्लार्कनी हजेरीपट पुढे सरकवला आणि म्हणाले, "मोकळं दिसंल तिथं सह्या करून घ्या मॅडम, मी चहा पिऊन येतो." मी सह्या केल्या गं. एकेक करत, सगळ्या. वाईट वाटलं नाही, उलट सुटल्यासारखं वाटलं. दुसऱ्या यादीत माझे बहात्तर झाले.

तुला सांगायचं रोज ठरवायचे आणि रोज टाळायचे. मग गेल्या महिन्यात कॉलेजनं कोर्टात लिहून दिलं, की सत्तरच्या खालच्या एकाही विद्यार्थ्याला सवलत दिलेली नाही. सोबत जोडलेली यादी तू मला पाठवलीस. 'बघ, माझीच तेवढी कमी. बहुतेक हरणार मी.' त्या यादीत अकरावं नाव माझं होतं, पुढे बहात्तर टक्के. उत्तर म्हणून मी तुला जोडलेल्या हातांचं चित्र पाठवलं. त्याची मला सह्यांपेक्षा जास्त लाज वाटते.

परवा मी नोटरीसमोर प्रतिज्ञापत्र केलं आणि तुझ्या वीरधवल वकिलांकडे दिलं. पहिल्या यादीचा फोटो माझ्या मोबाइलमध्ये होता, तोही दिला. मामानं आईशी बोलणं टाकलंय. आई म्हणते, "तुझी पदवी जाईल, वकिलीची सनद मिळणार नाही, आणि एवढं करून ती जिंकेलच कशावरून?" वकीलही खात्री देत नाहीत. पण त्यांच्या तोंडून तुला कळण्याआधी ते माझ्याकडून कळावं, म्हणून हे पत्र. गुरुवारी सुनावणीला मी येतेय. कोर्टात माझ्याजवळ येऊ नकोस, ओळख दाखवू नकोस. समोरचे वकील म्हणतील, मैत्रिणीखातर रचलंय. आणि दुसरं कारण खरं सांगू? तू तिथे मला माफ केलंस, तर मला उभं राहून बोलता येणार नाही.

तुझीच म्हणवून घ्यायचा हक्क उरला असेल तर,
तुझीच,
अश्लेषा